ओल्या तुरीचे भरीत

मार्गशीर्ष महिना लागला म्हणजे वऱ्हाडातील आणि खानदेशातील शेतांचे रूप पालटते. खरिपाची ज्वारी खळ्यात आलेली असते. कपाशीची बोंडे उमलून काळ्या जमिनीवर पांढरी नक्षी उठलेली दिसते आणि कपाशीच्या ओळींमधून उभी असलेली तूर शेंगांच्या भाराने किंचित वाकू लागते. सकाळी दहा वाजेपर्यंत उन्हाला धार येत नाही. संध्याकाळी पाचनंतर शेकोटीची आठवण होते. या दिवसांत गावोगाव शेतातील भरताच्या जेवणांना आरंभ होतो. कोणाच्या घरी पाहुणे आलेले असतात, कोठे कापसाची एक वेचणी संपलेली असते, तर कोठे काही निमित्त नसतानाही चार घरची माणसे एका वावरात जमतात. हल्ली शहरातील माणसे अशा जेवणाला ‘भरीत पार्टी’ म्हणतात. नाव नवे असले तरी त्यामागची रीत जुनी आहे.

या रीतीला पंचांगाचाही आधार आहे. पुष्कळ घरांतून चातुर्मासात कांदा, लसूण आणि वांगे वर्ज्य मानतात. म्हणून आषाढ शुद्ध नवमीला, म्हणजे कांदेनवमीला, या पदार्थांचा पोटभर समाचार घेऊन त्यांचा निरोप घेतला जातो. पुढे मार्गशीर्ष शुद्ध षष्ठीला, म्हणजे चंपाषष्ठीला, खंडोबाला वांग्याचे भरीत, बाजरीचा रोडगा आणि कांद्याची पात यांचा नैवेद्य दाखवितात, आणि मग घरात वांगे पुन्हा शिजू लागते. या तिथीला वांगेसट असेही नाव आहे. देवालाही प्रथम भरीतच चालते, रस्साभाजी नव्हे, ही गोष्ट भरताच्या योग्यतेविषयी पुरेशी बोलकी आहे.

भाजलेल्या वांग्याचा गर कुसकरून तो भाकरीने टिपून खाणे ही चाल केवळ आपल्याकडेच आहे असे मात्र नाही. सीरिया आणि लेबनॉन या देशांत वांगी विस्तवावर भाजून त्यांच्या गरात तिळाचा लगदा व लिंबाचा रस घालतात आणि रोटीच्या तुकड्याने तो टिपतात. तेथेच उकडलेले हरभरे वाटून ‘हुमुस’ नावाचा असाच एक पदार्थ करतात. मोठ्या शहरांतील उपाहारगृहांत या पदार्थांना ‘डिप’ म्हणण्याची पद्धत पडली आहे. वांगे हे फळ भारताच्या भूमीला फार जुन्या काळापासून परिचित आहे. संस्कृतात त्याला वार्ताक, वृंताक अशी नावे आहेत. येथून ते इराणात गेले, इराणातून अरबांकडे आणि अरबांबरोबर स्पेनपर्यंत पोहोचले. फळाबरोबर त्याचे नावही प्रवास करीत गेले आणि प्रत्येक मुक्कामी थोडे थोडे बदलले. पोर्तुगीजांच्या तोंडी बसलेले त्याचे रूप पुढे इंग्रजांनी उचलले. आज हिंदुस्थानी इंग्रजीत वांग्याला जो ‘ब्रिंजल’ शब्द वापरतात, तो अशा रीतीने अर्धे जग हिंडून परत आलेला आहे.

तुरीला इतका प्रवास करावा लागला नाही. ती येथलीच. विदर्भातील तुळजापूर गढी येथील उत्खननात तुरीचे जळून कोळसा झालेले दाणे सापडले आहेत. ते सुमारे ३४०० वर्षांपूर्वीचे मानले जातात. आजही जगात सर्वांत अधिक तूर भारतातच पिकते. आपल्या घरातील वरणाची डाळ ती हीच; परंतु जो केवळ डाळच ओळखतो त्याला तुरीची अर्धीच ओळख झाली आहे. ओल्या शेंगेतून काढलेला तुरीचा हिरवा दाणा चवीला गोडसर, अंगाने रसरशीत आणि वाळलेल्या दाण्याहून अगदी निराळा असतो. वऱ्हाडात या दाण्यांना ‘सोले’ म्हणतात. सोल्यांची उसळ, सोल्यांचे आळण, सोले-वांगे, सोलेभात असे कितीतरी पदार्थ हिवाळ्यात घरोघर होतात. या सर्वांत चारचौघांच्या मेळाव्याला शोभेल असा पदार्थ म्हणजे सोले घातलेले भरीत.

तुरीचे पीक फार सोशिक. जूनच्या पावसावर ती कपाशीबरोबरच पेरली जाते. कपाशीच्या ठरावीक ओळी झाल्या की एक ओळ तुरीची, असा शेतकऱ्याचा हिशेब असतो. पहिले दोन-तीन महिने ती हळूहळू वाढते आणि कपाशीला फारशी आड येत नाही. तिची मुळे खोल जातात. त्यामुळे पाऊस संपल्यावर वरची जमीन भेगाळली तरी खालच्या ओलीवर ती तग धरते. तिच्या मुळांवरील गाठींत जे सूक्ष्म जिवाणू राहतात ते हवेतील नत्र पिकाला मिळवून देतात, आणि तिचा पालापाचोळा गळून जमिनीला खत होते. पुढे फुले येतात, शेंगा धरतात. परंतु हे सारे एकाच वेळी होत नाही. एकाच झाडावर वरच्या फांद्यांना पिवळी फुले, त्यांच्याखाली कोवळ्या चपट्या शेंगा आणि आणखी खाली भरलेल्या शेंगा, असा तीन पिढ्यांचा संसार कित्येक दिवस एकत्र नांदत असतो.

म्हणून ओल्या शेंगा तोडणे हे दिसते तितके सोपे काम नाही. शेंग फार कोवळी असली तर आत दाणा नावालाच असतो. फार जून झाली तर दाण्याचे साल निबर होते आणि कितीही शिजविले तरी ते दाताखाली चरबरीत लागते. तोडण्याजोगी शेंग हिरवीच असते, पण तिचे पोट फुगलेले असते आणि प्रत्येक दाण्याचा उभार वरून मोजता येतो. अंगठ्याने हलकेच दाबले तर आतला दाणा घट्ट लागतो, कठीण लागत नाही. ही अवस्था एका शेंगेच्या वाट्याला थोडेच दिवस येते. शेंगेवर बारीकशी चिकट लव असते. ती बोटांना लागते आणि तिचा उग्र वास हाताला बराच वेळ राहतो. शेंगेवर लहानसे वाटोळे भोक दिसले तर ती बाजूला टाकावी, कारण शेंग पोखरणारी अळी आत मुक्कामाला असते किंवा येऊन गेलेली असते.

पण शेंगा तोडण्याआधी एक प्रश्न उभा राहतो, आणि तो शेताच्या धनिणीपुढे दरवर्षी उभा राहत आला आहे. तूर हे घरच्या डाळीचे पीक. हिरवा दाणा आज खाल्ला की तो उद्या खळ्यात येणार नाही, हे उघड आहे. पावसाने दगा दिलेल्या वर्षी तर मोजक्याच शेंगा धरलेल्या असतात. अशा वेळी वीस माणसांचे जेवण उभ्या पिकातून काढावे की न काढावे?

हा हिशेब नीट मांडून पाहण्याजोगा आहे. वीस माणसांच्या भरताला सुमारे दोन किलो शेंगा लागतात. त्या सोलल्या की निम्म्याहून थोडे कमी, म्हणजे आठशे ते नऊशे ग्रॅम सोले हाती येतात. ओल्या दाण्यात दोन-तृतीयांश भाग पाणीच असते. वाळलेल्या तुरीत ते जेमतेम दहावा हिस्सा उरते. म्हणजे नऊशे ग्रॅम सोले वाळविले तर सुमारे साडेतीनशे ग्रॅम तूर होईल, आणि ती भरडून साल, चुरा वजा जाता पाव किलोच्या आसपास डाळ पदरी पडेल. झाडावर राहिले असते तर हे दाणे आणखी थोडे भरले असते हे खरे. परंतु ते दुप्पट धरले तरी अर्धा किलो डाळ होत नाही. एवढ्या डाळीचे साधे वरण केले तर ते फार झाले तर दहा-बारा माणसांना पुरेल. तेव्हा ओल्या शेंगा खाल्ल्याने घर बुडते ही समजूत हिशेबाला धरून नाही.

नुकसान होते ते शेंगेने नव्हे, फांदीने. नवखा माणूस शेतात शिरला म्हणजे एकेक शेंग खुडण्याचा त्याला कंटाळा येतो. तो भरलेल्या शेंगांचा घोस पाहून सबंध फांदीच ओढतो. तुरीची फांदी ठिसूळ. ती तत्काळ मोडते. तिच्याबरोबर वरची फुले आणि कोवळ्या शेंगाही जातात, आणि पुढे महिन्याभरात ज्या शेंगा भरावयाच्या त्या तेथेच संपतात. मूठभर सोल्यांसाठी त्याच्या कितीतरी पट तूर मातीत मिळते. म्हणून जाणत्या घरांतून पाहुण्यांना वावरात मोकळे सोडीत नाहीत. धुऱ्याजवळची एखादी ओळ नेमून दिली जाते, आणि दोन हातांनी तोडावे असे सांगितले जाते. एका हाताने फांदी धरावी आणि दुसऱ्या हाताने शेंग देठापाशी पिळून काढावी. लहान मुले हे काम मोठ्यांपेक्षा चांगले करतात, कारण त्यांना घाई नसते. ती निम्म्या शेंगा तेथेच खातात, हा भाग वेगळा.

येथे आणखी एक सावधगिरी आवश्यक आहे आणि तिची थट्टा करून चालणार नाही. तुरीवर व कपाशीवर किडीसाठी औषधे फवारतात. ही औषधे म्हणजे विषेच होत. २०१७ साली यवतमाळ जिल्ह्यात कपाशीवर फवारणी करताना विषबाधा होऊन अनेक शेतकरी आणि शेतमजूर दगावले, ही घटना वऱ्हाड अद्याप विसरलेला नाही. ज्या ओळीवर फवारणी झाली असेल, त्या ओळीच्या शेंगा औषधाच्या वेष्टनावर सांगितलेले दिवस पुरे झाल्यावाचून तोडू नयेत. भरताचे जेवण ठरवावयाचे असेल तर एक-दोन ओळी आधीपासूनच फवारणीतून वगळाव्यात आणि त्या ओळींना वारा लागून शेजारची फवारणी उडत नाही ना, हेही पाहावे. मालकाला विचारल्यावाचून कोणाच्याही वावरातील शेंग तोडून तोंडात टाकू नये, या जुन्या शिष्टाचाराला आता असे नवे कारण मिळाले आहे.

आता वांग्याकडे वळू. भरताची वांगी निराळी असतात. भाजीची काटेरी, लहान, जांभळी वांगी भरताच्या कामाची नाहीत. जळगाव जिल्ह्यात फिकट हिरव्या, पांढरट झाकीच्या मोठ्या वांग्यांचे एक वाण पिढ्यान्‌पिढ्या जोपासले गेले आहे. यावल तालुक्यातील बामणोद हे गाव त्यासाठी प्रसिद्ध आहे. कवयित्री बहिणाबाई चौधरी यांचे जन्मगाव आसोदा, तेही भरताच्या वांग्यांसाठी नावाजलेले आहे. २०१६ साली ‘जळगाव भरीत वांगी’ या नावाला भौगोलिक मानांकन मिळाले. या वांग्यात बिया थोड्या आणि गर पुष्कळ. भाजले की त्याचा गर लोण्यासारखा सुटतो. वऱ्हाडात मोठी जांभळी वांगीही वापरतात. वाण कोणतेही असो, निवडताना पाहण्याच्या खुणा सारख्याच. साल तकतकीत असावी, देठ हिरवा असावा, आणि आकाराच्या मानाने वांगे हाताला हलके लागावे. जड वांगे बहुधा बियांनी भरलेले निघते. देठाजवळ किंवा पोटावर किडीचे भोक असेल तर ते वांगे कितीही देखणे असले तरी परत करावे.

वीस माणसांना चार किलो वांगी पुरतात. ती पुसून प्रत्येकाला सुरीने एक-दोन ठिकाणी उभी चीर द्यावी. चिरेतून आत डोकावून पाहावे, कारण बाहेरून निर्दोष दिसणाऱ्या वांग्यातही कधी कधी कीड असते. चीर देण्याचे दुसरे कारण अधिक महत्त्वाचे. वांग्यात दहापैकी नऊ भाग पाणी असते. विस्तवावर त्याची वाफ होते, आणि तिला बाहेर पडण्यास वाट नसली तर वांगे फटकन फुटून कढत गर भाजणाऱ्याच्या अंगावर उडतो. देठ कापू नये. वांगे उलटण्यासाठी तोच मुठीसारखा उपयोगी पडतो. वरून तेलाचा हात फिरविला म्हणजे साल सारखी भाजते.

भाजण्याचे सरपण शेतातच असते. तुरीची वाळलेली काडी ती तुराटी, आणि कपाशीची ती पऱ्हाटी. या वर्षीचे पीक अद्याप उभे असते, म्हणून गतवर्षीची रचून ठेवलेली काडी या कामी येते. तीतही तुराटी अधिक चांगली, कारण कपाशीवर फवारणी अधिक होते आणि पऱ्हाटीच्या धुरात अन्न भाजावे असे आता सुज्ञ माणसाला वाटत नाही. तुराटी भडकन पेटते, उंच ज्वाळा देते आणि लवकर विझते. गव्हाची पोळी भाजावयास असला विस्तव निरुपयोगी; परंतु वांग्याला तोच हवा. मंद निखाऱ्यावर वांगे नुसते सुकत जाते. ज्वाळेत मात्र साल जळून कोळशासारखी होते आणि आतला गर स्वतःच्याच वाफेत शिजतो. त्या जळत्या सालीचा वास गरात उतरतो. भरताची खरी लज्जत ती हीच. घरातील गॅसच्या शेगडीवरही भरीत होते आणि ते वाईट होत नाही; पण तुराटीवरचे भरीत ज्याने एकदा खाल्ले, तो गॅसवरच्या भरताला ‘बरे आहे’ असे म्हणतो आणि गप्प बसतो.

वांगी एका रांगेत मांडून वरून तुराट्या पेटवितात. दहा-बारा मिनिटांनी एक कूस झाली की देठाला धरून चिमट्याने ती फिरवावयाची. साल सर्वत्र काळी होऊन तडकली, देठाजवळून रस बुडबुडू लागला आणि बारीक काडी आरपार विनासायास गेली की वांगे झाले. काडी मध्येच अडली तर गर कच्चा आहे असे समजावे. कच्चा गर घशाला खवखवतो आणि कुटल्यावर त्याच्या गुठळ्या राहतात. भाजलेली वांगी परातीत घेऊन पाच-सात मिनिटे झाकून ठेवली म्हणजे साल सैल होते. सोलताना हाताला चटके बसतात, तेव्हा बोटे पाण्यात बुडवावी. वांगी पाण्यात बुडवू नयेत. वांगी धुतली की धुराची चव धुतली गेली. सोललेला गर तिरप्या ठेवलेल्या परातीत थोडा वेळ राहू दिला म्हणजे जादा पाणी निथळून जाते. चार किलो वांग्यांतून असा सुमारे अडीच किलो गर मिळतो.

विस्तव चालू असतानाच दुसरीकडे सोल्यांचे काम उरकून घ्यावे. सोले कच्चे घालू नयेत. ते शिजलेच पाहिजेत. थोड्या तेलावर ठेचलेल्या लसणाबरोबर ते परतावेत, पाण्याचा हबका मारून झाकण ठेवावे आणि दहा-बारा मिनिटांनी एक दाणा बोटांत दाबून पाहावा. तो दबला पाहिजे, पण त्याचा लगदा होता कामा नये. असे झाले म्हणजे सोल्यांचे दोन भाग करावे. एक भाग तसाच अखंड ठेवावा. दुसरा भाग विस्तवाच्या राखेत भाजलेल्या हिरव्या मिरच्या आणि लसूण यांच्याबरोबर पाट्यावर जाडसर वाटावा. वीस माणसांना दीडशे ग्रॅम मिरच्या आणि लसणाचे शंभर ग्रॅम पुरे होतात. खानदेशी जिभेला हे प्रमाण मिळमिळीत वाटेल आणि पुणेकराच्या डोळ्यांतून पाणी काढील.

सोले वाटण्याचा हा खटाटोप कशासाठी, असा प्रश्न पुष्कळांना पडतो. नुसते दाणे वर टाकले तर चालणार नाही काय? घरातील चार माणसांच्या जेवणाला चालेल. मेळाव्याला नाही चालणार. घरी भरीत पातेल्यातून सरळ ताटात येते. वावरात मात्र पहिली पंगत बसून शेवटची उठेपर्यंत तास-दीड तास सहज जातो. एवढ्या वेळात वांग्याचा गर पाणी सोडतो, आणि शेवटच्या पंगतीला भरीत नव्हे, भरताचा रस्सा मिळतो. वाटलेल्या सोल्यांतील पिठूळपणा हे पाणी शोषून घेतो आणि भरीत शेवटपर्यंत भाकरीवर उभे राहते. अखंड सोल्यांचे काम वेगळे. वांग्याचा गर मऊ, त्याला दाताखाली काही लागत नाही. मध्येच एखादा गोडसर दाणा लागला म्हणजे जेवणाऱ्याची तंद्री मोडते आणि हात पुन्हा भरताकडे जातो. वांग्यात अन्नाचा कस थोडाच असतो. सोल्यांमुळे भरताला प्रथिनांचा आधार मिळतो, आणि सकाळपासून कापूस वेचून आलेल्या माणसाला ते पचावयाच्या आधी पुन्हा भूक लागत नाही.

मग गर लाकडी पात्रात घालून लाकडी मुसळीने कुटावयाचा. धातूच्या रवीने तो घोटू नये, फार चिकट होतो. कुटतानाच त्यात वाटलेले सोले मिसळावे. मोठ्या कढईत पाव लिटर तेल, करडईचे अथवा शेंगदाण्याचे, तापवून जिऱ्याची फोडणी करावी. तीत दोनशे ग्रॅम भाजलेले शेंगदाणे टाकावे, कांद्याच्या चार-पाच जुड्यांची चिरलेली पात निम्मी घालावी, आणि पात मऊ होताच कुटलेले भरीत ओतून ते चांगले वाफवावे. अखंड सोले त्यानंतर. उरलेली पात आणि दोन जुड्या कोथिंबीर, जिला वऱ्हाडात सांबार म्हणतात, ती कच्चीच वरून घालावी. मीठ सर्वांत शेवटी आणि वाढण्याच्या सुमारास. ते आधी घातले तर गराला पुन्हा पाणी सुटते. तीन मोठे चमचे मीठ पुरते, पण घालणाऱ्याने चाखून पाहावे. शेकडो वेळा भरीत केलेल्या म्हाताऱ्यादेखील येथे चमच्यावर विसंबत नाहीत. तळहातावर थोडे भरीत घेतात, चाखतात आणि मगच बोलतात. फोडणीवाचून नुसते कच्चे तेल घालून केलेले भरीतही काही घरांत प्रिय आहे. त्यात धुराची चव अधिक कळते.

भरताची सोबतीण म्हणजे कळण्याची भाकरी. चार भाग ज्वारीत एक भाग सालीसकट उडीद आणि थोडे मीठ घालून जे पीठ दळतात, त्याला कळणे म्हणतात. त्याची भाकरी काळसर दिसते, पण तिला उडदाचा खमंगपणा असतो. ती जरा जाड असावी, म्हणजे भरीत टिपताना मोडत नाही. पळसाच्या पत्रावळीवर भरीत, भाकरी, मुळ्याची एक फोड आणि कांद्याची पात, एवढेच वाढावयाचे. चार पदार्थ अधिक करण्याची हौस कित्येकांना आवरत नाही. मग जिलेबी येते, भात येतो आणि भरीत कोपऱ्यात जाते. असल्या जेवणाला शेतात जाण्याचे कारण नाही.

पहिल्या पंगतीला कोण बसणार, हे जाणत्या घरी आधीच ठरलेले असते. कापूस वेचणाऱ्या बाया दिवस उगवण्याच्या सुमारास आलेल्या असतात. त्यांची मजुरी वेचलेल्या कापसाच्या वजनावर ठरते, आणि बसण्यात गेलेला वेळ त्यांच्याच मजुरीतून जातो. म्हणून पाहुण्यांच्या गप्पा संपण्याची वाट न पाहता आधी त्यांना वाढतात. पाहुणे तोपर्यंत शेंगा सोलतात. ज्या शेतावर हा क्रम उलटा असतो, तेथील भरीत कितीही चांगले झाले तरी वेचणीच्या बायांत त्याचे नाव निघत नाही, आणि पुढच्या वेचणीला त्या दुसऱ्याच्या वावरात गेलेल्या दिसतात.

जेवणे आटोपली की विस्तवावर माती लोटावी लागते. वाळलेला कापूस जवळ असताना एक ठिणगी पुरे होते. वांग्यांची जळकी साल आणि शेंगांची टरफले वेगळी करतात. टरफले शेळ्या-बैलांना जातात. भरीत उरले तर ते रात्री पुन्हा तव्यावर परततात, कारण दुसऱ्या दिवसापर्यंत ते चांगले राहत नाही.

वांगी जेथून आली त्या वाफ्यात मात्र त्या दिवशी एक-दोन वांगी तशीच झाडावर राहिलेली असतात. त्यांच्या देठाला रंगीत चिंधी बांधलेली असते. ती सर्वांत मोठी, सर्वांत निर्दोष, तरीही त्यांना कोणी हात लावीत नाही. ती पिवळी पडेपर्यंत झाडावरच पिकू देतात. मग कापून त्यांचा गर पाण्यात कुसकरतात, तळाशी बसलेल्या बिया धुऊन सावलीत वाळवितात आणि चुलीची चाळलेली राख लावून, पुरचुंडीत बांधून पुढल्या मृगापर्यंत आढ्याला टांगून ठेवतात.